दाढीवाल्यांचा वॉर्ड आणि तपासनिसाचे बूट

रोग्याच्या खोलीत तुम्ही कधी चिखलाच्या बुटांनिशी घुसला आहात का? खरं सांगा, इथे कोण बघतंय! घुसला असाल आणि तरी तुमचे कान शाबूत असतील, तर मावशीशी तुमची गाठ पडलेली नाही.

मावशी म्हणजे संसर्गाच्या वॉर्डातली निवृत्त आया. एकतीस वर्षं तिने फरशी पुसली, भांडी उकळली आणि भल्याभल्या डॉक्टरांना दारातच अडवलं, "साहेब, आधी हात!" निवृत्तीनंतर वसाहतीमागच्या सार्वजनिक बागेत तिला चार वाफ्यांचा तुकडा मिळाला. त्यात तिने लावला सेलेरियाक. सेलरीचाच हा रांगडा थोरला भाऊ. पानं तशीच, पण खाली खरबरीत कंद आणि कंदाला मुळ्यांची दाढी. थंड हवेतला हा पाहुणा आपल्या उन्हात अर्धमेला होतो, आणि अशक्ताला रोग आधी गाठतो. हे मावशीला कुठल्या पुस्तकाने शिकवायचं?

तिने सरळ वॉर्डच थाटला. पानांवरचे तपकिरी ठिपके बियाण्यातूनच येतात असं कळल्यावर बी गरम पाण्यात ठेवायला घेतलं, आणि ताप बघायचा थर्मामीटर पातेल्यात बुडवला.

"अगं, तो बेचाळीसला संपतो! तुला पन्नास अंश हवेत," शिंपीकाम करणारा नवरा मशीनवरून ओरडला.

"मग दुसरा आणा. तुमचं काय, कापड फाटलं की ठिगळ लावून मोकळे. माझं बीच डागाळलं तर मी ठिगळ कुठे लावू?"

नवऱ्याने दुसरा आणला. वर दुपारच्या उन्हासाठी हिरव्या जाळीचं छतही शिवून दिलं, अगदी काजं-बटणांसकट. रोपं अठ्ठावीस, दोन रोपांत दीड वीत अंतर, म्हणजे वारा खेळेल. पाणी सकाळी, तेही मुळाशी. पानावर थेंब पडला की मावशी तो पदराने टिपायची. बुंध्याशी वाळक्या पाल्याचं पांघरूण. गाजर नि कोथिंबीर ही सेलेरियाकची भावकी, एकाचं दुखणं दुसऱ्याला लागतं, म्हणून गेल्या साली जिथे गाजर होतं त्या वाफ्यात याला प्रवेश बंद. मावा दिसला की साबणाच्या पाण्याचा बोळा पानामागून फिरवायचा आणि विचारायचं, "आता बरं वाटतंय ना?" प्रत्येक रोपापाशी काडीला कार्ड: 'बेड अकरा. खालच्या पानावर एक ठिपका. पान काढून डब्यात बंद.' भेटीची वेळ चार ते सहा, पानं कोरडी असतील तरच.

आता तपासनीस. बागखात्याचा हा सद्‌गृहस्थ दर सोमवारी सकाळी सातला, दव पडलेलं असताना, बेचाळीस तुकड्यांतून बूट घासत फिरायचा. ओल्या पानांवरचे ठिपके त्याच्या पायाला धरून घरोघर पोचायचे. खातं रोग हटवायला माणूस पाठवतं आणि तो माणूसच रोग वाटत फिरतो! पण नियम असा की, लागोपाठ दोन तपासण्यांत ज्या तुकड्यात तपासनिसाचं पाऊल पडलं नाही, तो तुकडा पडीक. पडीक तुकडा स्कूटर लावायला.

"मावशी, दार उघडा."

"ही साबणपाण्याची परात. धुवा बूट, या आत."

"खात्याचे बूट आहेत. भिजवायला भांडाराची परवानगी लागते."

"मग काढून ठेवा."

"अनवाणी तपासणी नियमात नाही."

मावशीने कपाळाला हात लावला आणि नवऱ्याला ढकलगाडी आणायला पिटाळलं. तपासनीस फाईल छातीशी धरून गाडीत बसला. नवऱ्याने त्याला वाफ्यांभोवती फिरवलं. त्याने अठ्ठावीस कंद मोजले, "वा, एक डाग नाही!" म्हणाला, बाहेर उतरला आणि लिहिलं: पाऊल पडले नाही.

"अहो, आत्ता डोळ्यांनी बघितलंत ना?"

"बघितलं की. पण रकाना पावलांचा आहे, मावशी. डोळ्यांचा नाही."

आठवडाभर नवरा भुणभुण करत राहिला, "एकदा येऊ दे ना त्याला. जागा जाईल गं!"

"एकदा येऊ दिलं होतं," मावशी म्हणाली. "मोठे डॉक्टर होते, घाईत होते. म्हटलं, जाऊ दे. शनिवारपर्यंत चार खाटा तापाने फणफणल्या. त्यातली खिडकीजवळची घरी गेली नाही."

नवऱ्याने मशीन सुरू केलं. 

पुढच्या सोमवारी मावशीने घमेलंभर वाफ्याची माती दाराबाहेर आणून ठेवली. "ही माझी जमीन. टाका पाऊल!" तपासनिसाने नियमावली चाळली, घसा खाकरला आणि गंभीरपणे उजवा बूट घमेल्यात ठेवला. मग लिहिलं: पाऊल पडले, परंतु जमीन जागेवर नव्हती.

मावशीने ती माती तिथल्या तिथे पिशवीत बांधून कचऱ्यात टाकली. तिसऱ्या दिवशी नोटीस आली: तुकडा पडीक. अठ्ठावीस कंद काढणीला अजून दोन महिने, आणि तुकडा पडीक! उरलेल्या एकेचाळीस तुकड्यांत पानं जळाल्यासारखी करपलीत, पण पाऊल पडलेलं असल्यामुळे त्यांच्या कागदावर शिक्का 'उत्तम लागवड'. मावशी कार्यालयात गेली, साहेबाच्या टेबलावर करपलेलं एक पान ठेवलं आणि ओरडून आली. साहेब म्हणाले, बाई, पान कोणत्या तुकड्यातलं ते सिद्ध करा.

सुनावणी गुरुवारी अकरा वाजता, बागखात्याच्या पहिल्या मजल्यावर. मावशीकडे साक्षीदार एक, तोही नवरा, म्हणून तो चालत नाही. तेव्हा तुम्हीच या. बुधवारपर्यंत कधीही चार ते सहात कुंपणाबाहेर उभं राहून अठ्ठावीस कंद मोजा, आणि गुरुवारी साहेबासमोर मोठ्याने आकडा सांगा. शेजाऱ्यालाही घेऊन या.