त्रेसष्टाव्या आवर्तनाचा ठोका

टिंगमास्तरांनी आयुष्यात एकच ठोका चुकवला, आणि नेमका तोच रेकॉर्डवर गेला. बाकीची माणसं ढीगभर चुका करतात, कुणी ढुंकून बघत नाही. यांची एकुलती एक, ती बाजारात विकायला!

एक्केचाळीस वर्षांपूर्वी ते वाद्यवृंदात ट्रँगल वाजवत. लोखंडी सळई वाकवून केलेला त्रिकोण, दोरीला टांगायचा आणि बारक्या कांडीने ठोकायचा. हसू नका, तेही काम असतं. त्या गाण्यात त्यांना बासष्ट आवर्तनं गप्प बसून त्रेसष्टाव्याच्या पहिल्या मात्रेवर एक ठोका द्यायचा होता. शेवटच्या कडव्याआधी गायिकेने लांब श्वास घेतला, डोळे मिटून मोजत बसलेल्या मास्तरांनी टिंग केलं, आणि बावीस जणांचा वृंद त्यांच्यामागून आला. गायिकेचा आवाज तसा पुन्हा लागला नाही, म्हणून संचालकांनी तेच रेकॉर्डिंग ठेवलं आणि ट्रँगलवाल्याला काढलं. "मोजता येत नसेल तर घरी बसा," एवढंच म्हणाले. ही गोष्ट बाकीच्या स्टुडिओंत पोचायला दोन दिवस पुरले. पुन्हा कुठून बोलावणं आलं नाही. टिंगमास्तर हे नाव तेवढं जन्माचं चिकटलं.

मग ते मामाच्या शिलाई मशीन दुरुस्तीच्या दुकानात बसले, ते आजतागायत. मशीनमध्येही टायमिंग असतं. सुई खाली जाऊन जराशी वर येते, त्याच क्षणी खालच्या हुकाने दोऱ्याचा फास पकडायचा. केसभर मागेपुढे झालं की टाका सुटला. मास्तर नुसतं कान लावून सांगत, "हूक मागे पडतोय." कारखान्यांचे फोरमन त्यांच्याकडेच येत. पण कुणी 'वेळेचा पक्का माणूस' म्हणून कौतुक केलं की मास्तरांचा चेहरा उतरे.

लग्नाची गोष्ट मात्र ते खुलून सांगत. दुकानात बसून आठच दिवस झाले होते. वृंदातल्या व्हायोलिनच्या मागच्या रांगेतली एक मुलगी शिलाई मशीन उचलून धापा टाकत आली. "चालत नाही," म्हणाली. उघडून बघतात तो मशीन ठणठणीत! "मशीन कसलं, मलाच बघायला आली होती," असं मास्तर म्हणत, आणि मुलगी नि जावई दर खेपेला नव्याने हसत. मास्तरीणबाई म्हणत, "पुरे आता," आणि उठून आत जात. लाजतात, असं सगळे धरून चालत.

एका दुपारी दुकानात दोघं आले. एक भडाभडा बोलणारी मुलगी, आणि एक डोक्यावर टोपी, गळ्यात हेडफोन असा मुखदुर्बळ तरुण. त्यांचा तिघांचा हिपहॉपचा ग्रुप होता. 'ठिगळ' नावाचा अल्बम करत होते: तेरा गाणी, सगळी जुन्या रेकॉर्डच्या तुकड्यांवर उभी. कुठल्या बासरीचं एक वळण, कुठल्या जाहिरातीतलं हसू, कुठल्या नाटकातलं करकरणारं दार. तुकडे कापायचे, एकाला एक जोडायचे, फिरवत राहायचे आणि वर हिने बोलायचं.

"काका, तो टिंग तुमचा ना?" मुलीने विचारलं.

मास्तरांनी पाना खाली ठेवला. "थट्टा करायला एवढ्या लांब आलात?"

"थट्टा? अहो, त्या ठोक्यावर आमचं आख्खं गाणं आहे! तो आधी पडतो ना, तिथेच मान हलते."

अडचण अशी होती, की रेकॉर्ड कंपनी तुकडा वापरू देईना. चालीचे हक्क ज्यांच्याकडे होते त्यांनी मात्र हो म्हटलं होतं, म्हणजे तोच तुकडा नव्याने वाजवून घेतला तर चालणार होतं. व्हायोलिनवाले मिळाले होते. ट्रँगल काही केल्या तसा लागत नव्हता.

"म्हणजे मी पुन्हा चुकायचं," मास्तर म्हणाले. "ज्याने पोटावर पाय आणला, तेच परत करून दाखवायचं. बरंय की!"

घरी सांगितलं तेव्हा मास्तरीणबाईंच्या हातातली कणीक तशीच राहिली. "कशाला उकरून काढतोस?" त्या म्हणाल्या. लग्नाआधीपासूनच्या सवयीने त्या त्यांना अरेतुरेच करत. त्यांनी असं म्हटलं नसतं तर मास्तर कदाचित गेले नसते.

स्टुडिओ टायरच्या गोदामाच्या वर होता, भिंतींना जुन्या गाद्या ठोकलेल्या. मास्तरांनी माळ्यावरून काढलेला ट्रँगल सोबत नेला होता. टोपीवाल्याने त्यांच्या कानात ताल सोडला. मास्तरांनी डोळे मिटले, मोजलं आणि ठोकलं. बरोब्बर मात्रेवर! पुन्हा केलं, पुन्हा बरोबर. "थोडं आधी, काका," म्हटल्यावर इतकं आधी आलं, की मुलीला हसू आवरेना. सव्वीस वेळा झालं. चुकायचं म्हणून चुकता येईना, आणि एक्केचाळीस वर्षांपूर्वी न ठरवता जमलं होतं! मास्तर घामाघूम झाले. आता इथूनही घरी बसायला सांगतील, असं त्यांना वाटायला लागलं.

टोपीवाला मात्र कॉम्प्युटरच्या पडद्याकडे बघत होता. त्याने जुन्या रेकॉर्डमधले आवाज वेगवेगळे केले होते, आणि पहिल्या आवर्तनापासून सारख्या अंतरावर उभ्या रेघा मारल्या होत्या.

"काका," तो पहिल्यांदाच बोलला, "इकडे या. ही व्हायोलिनं. बासष्टपर्यंत रेघेवर. इथे बाईंचा श्वास. त्यानंतर सगळे रेघेच्या मागे, अर्धी मात्रा. आणि हे तुम्ही."

ट्रँगलची बारीक खूण रेघेवर होती.

"तुम्ही आधी नाही आलात. ते सगळे उशिरा आले."

मास्तरांनी चष्मा पुसून पाहिलं. मग न पुसता पाहिलं. "परत मोजा," म्हणाले. टोपीवाल्याने परत मोजलं. रेघ हलली नाही. मास्तर गादीच्या भिंतीला टेकून बसले. आनंद झाला का? नाही. आधी राग आला, आणि तो कुणावर काढायचा तेच कळेना. संचालक जाऊन वीस वर्षं झाली होती.

मग व्हायोलिनं अर्धी मात्रा मागे सरकवली. मास्तरांनी वेळेवर ठोका दिला. पहिल्या फटक्यात गाणं जुळलं.

घरी आले तेव्हा मास्तरीणबाई दारातच होत्या. मास्तरांनी चपला काढायच्या आधी सांगून टाकलं, रेघांसकट. बाईंनी 'खरंच?' म्हटलं नाही. तिथेच मास्तरांना कळलं.

"तुला माहीत होतं."

"सगळ्यांनाच माहीत होतं," बाई म्हणाल्या. "गायिकेसाठी संचालकांचा हात थांबला. आम्ही हाताकडे बघत होतो, तू डोळे मिटून होतास. त्यांनी तुझ्यावर ढकललं, आणि कुणी बोललं नाही."

"तूही नाही."

"वृंदात माझा तिसरा दिवस होता."

मास्तर खुर्चीत बसले. म्हणाले, "ते मशीन."

"सांगायलाच आले होते. रिकाम्या हाताने कसं यायचं, म्हणून मशीन उचललं. तू ते उघडलंस आणि माझ्याकडे न बघता म्हणालास, चूक माझीच होती. मला धीर झाला नाही. मग रोज उद्या सांगू म्हणत गेले. मग लग्न ठरलं. मग तू ती गोष्ट सांगायला लागलास. सगळे हसायचे. कुठे सांगू?"

मास्तरांनी पिशवीतला ट्रँगल काढून टेबलावर ठेवला. त्याचा बारीक आवाज झाला, त्यांनी तो बोटाने थांबवला.

"रविवारी मुलगी नि जावई येतायत," ते म्हणाले. "मशीनची गोष्ट निघेलच. या वेळी तू सांग."