सुधाकर काकांचा पाचवा स्टार

आमच्या अमेरिकेतल्या नेपरव्हिलच्या मराठी ग्रुपमध्ये किस्से घडत नाहीत, साचतात. प्रत्येकाच्या बेसमेंटमध्ये दह्याचे रिकामे डबे साचतात ना, तसे. टाकवत नाहीत, आणि एकाने एक काढून दाखवला की दुसरा लगेच म्हणतो, "हा काहीच नाही, आमच्याकडे याच्याहून मोठा आहे!"

व्हिएतनामचे किस्से मात्र माझ्या एकटीच्या बेसमेंटमधले आहेत, कारण त्या ट्रिपला मोठ्यांबरोबर गेलेली मूर्ख मुलगी मी एकटीच. "सोबत कुणीतरी तरुण हवं," असं ठरलं. म्हणजे फोन चालवायला कुणीतरी हवं. माझ्या बाबांनी "झाडांना पाणी कोण घालणार?" म्हणून अंग काढून घेतलं. आमच्या घरात एक मनी प्लांट आहे. एक!

तर गेलो कोण? मी, माझी आई, सुधाकर काका आणि नलिनी काकू.

*

सुधाकर काकांची ओळख आधी करून देते. ट्रॅक्टरचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात ते आयुष्यभर क्वालिटी कंट्रोलला होते. रिटायर झाल्यावर कारखाना सुटला, क्वालिटी कंट्रोल सुटला नाही. आता ते रिव्ह्यू लिहितात. हॉटेलांचे, दुकानांचे, बर्फ उपसणाऱ्या मुलांचे, सगळ्यांचे. आणि कुणालाही, कध्धीही, पाच स्टार देत नाहीत.

ज्या सर्जनने त्यांचा गुडघा बदलला त्याला चार. का? तर वेटिंग रूममधलं घड्याळ पुढे होतं.

एकदा मी न राहवून विचारलं, "काका, पाच स्टार नक्की कुणाला देता हो तुम्ही?"

"पाच म्हणजे परफेक्ट. परफेक्ट फक्त देव."

"पण तुम्ही तर देवळाला तीन दिलेत!"

"देवळाला दिलेत. देवाला नाही."

*

हनोईहून निन्ह बिन्ह नावाच्या भागात एक दिवसाची स्मॉल ग्रुप टूर घेतली. भातशेती, डोंगर, नदी, सायकली. बुकिंग काकूंच्या फोनवरून. कारण कुठेही नंबर द्यायची वेळ आली की काका काकूंचा देतात, म्हणजे नंतरच्या सगळ्या जाहिराती तिकडे जातात.

व्हॅन साडेसातला येणार होती. काका पावणेसातपासून लॉबीत उभे. बसले नाहीत, उभे! व्हॅन आली आणि काकांनी घड्याळ पाहिलं. साडेसात आणि वर एक मिनिट. त्यांच्या चेहऱ्यावर जो आनंद पसरला ना, तो मी त्यांच्या मुलीच्या लग्नातसुद्धा पाहिला नव्हता.

आमची गाइड लान माझ्याच वयाची होती. हसरी, चटपटीत, इंग्रजी फर्डं. व्हॅनमध्ये आमच्याशिवाय एक डच जोडपं होतं. लानने सगळ्यांना स्वतःची ओळख करून द्यायला सांगितलं. डच माणूस म्हणाला, "पीटर, हॉलंड." झालं. मग काका उठले.

"वी आर फ्रॉम इंडिया. बट यूएसए. शिकागो. अ‍ॅक्च्युअली नॉट शिकागो, नेपरव्हिल. देअर इज अ ट्रेन…"

ती ट्रेन शिकागोला पोचेपर्यंत आम्ही हनोईच्या बाहेर पडलो होतो. पीटरची बायको झोपली होती.

*

वाटेत कॉफीला थांबलो. काका व्हॅनच्या टायरांमधली हवा दाबून बघायला गेले, आई बाथरूम शोधायला. टेबलावर मी, काकू आणि लान. मी सहज विचारलं, "हे काम आवडतं का गं तुला?"

ती म्हणाली, "आवडतं. पण राहील की नाही, माहीत नाही."

तिच्या कंपनीत गाइडचं सगळं भवितव्य स्टारांवर. मागे एक ट्रिप पावसात गेली आणि लोकांनी पावसाचे स्टार हिच्या नावावर कापले. आता या महिन्यात आणखी एक पाचपेक्षा कमी आला, तर तिला छोट्या ग्रुपवरून काढून मोठ्या बसवर टाकणार होते. हातात झेंडा, मागे पन्नास माणसं.

"आणि ती बस समुद्राकडे जाते," लान म्हणाली. "ही व्हॅन माझ्या गावावरून जाते. माझी मुलगी माझ्या आईकडे असते, चार वर्षांची आहे. मी आठवडाभर हनोईत. पाहुणे सायकली चालवतात, तेवढ्यात मी तिला भेटून येते."

पन्नास देशांतले टुरिस्ट सोडून हिच्या नशिबी सुधाकर काका!

मी काकूंकडे पाहिलं. काकूंनी कॉफीचा घोट घेतला आणि म्हणाल्या, "दूध फार गोड आहे, नाही?"

मी मनात म्हटलं, धन्य आहे ही पिढी!

*

आता आईचा किस्सा. त्या दिवशी मंगळवारची संकष्टी, म्हणजे अंगारकी होती. आईने नेपरव्हिलहून साबुदाण्याचा चिवडा आणला होता आणि सकाळपासून ती चेहऱ्यावर उपास घेऊन बसली होती. मग जेवणाच्या टेबलावर त्या भागातला खास पदार्थ आला. भाताची खरवड! पातेल्याच्या तळाची, करपायच्या बेतात आलेली, कुरकुरीत, वर गरम रस्सा.

"अगं, ही खरवड!" आई ओरडलीच. "हे लोक मेन्यूत लिहून विकतात? आपल्याकडे यावरून आम्हा भावंडांत मारामाऱ्या व्हायच्या!"

"आई, तुझा उपास आहे."

आईने एक मिनिट खरवडीकडे पाहिलं. मग फोन काढला आणि बाबांना व्हिडिओ कॉल लावला. तिकडे रात्र, बाबा पायजम्यात.

"अहो, तुमच्याकडे आज वार काय?"

"सोमवार. का?"

"काही नाही. झोपा." फोन बंद. आई माझ्याकडे वळली. "अंगारकी मंगळवारी असते. आपलं घर नेपरव्हिलला, आपले गणपती नेपरव्हिलला. तिथे अजून सोमवार आहे."

"आणि तिथे मंगळवारी चंद्र उगवेल तेव्हा?"

"तेव्हा इथे बुधवार असेल. बुधवारी कसली आलीय अंगारकी?"

"मग मंगळवार गेला कुठे, आई?"

"ते तू शोध, तू शिकलेली आहेस," आई म्हणाली आणि तिने खरवडीचा तुकडा मोडला. शाकाहारी रस्सा मागवून घेतला हो, उगाच गैरसमज नको. नियम म्हणजे नियम!

*

जेवणानंतर नदी. तिथल्या बायका मागे रेलून चक्क पायांनी वल्हवतात. आमच्या नावेतल्या आजी सत्तरीच्या तरी असतील. काका, काकू आणि मी बसलो आणि नाव सुरेख निघाली. दोन्हीकडे डोंगर, पाण्यात डोंगर, सगळं शांत. काका सोडून.

"हे पोश्चर चुकीचं आहे. कंबर जाईल यांची." मग आजींना, मोठ्या आवाजात, कारण मोठ्याने बोललं की मराठी माणसाचं इंग्रजी जगात सगळ्यांना कळतं, "मॅडम! युअर बॅक! नॉट गुड!"

आजींनी त्यांच्याकडे बघून हसून मान हलवली आणि जादा वल्हं उचलून त्यांच्या हातात दिलं. घे बाबा, तूच मार!

काकांनी मारलं. नाव फिरली. काकांनी आणखी जोरात मारलं. नाव आणखी फिरली. पीटर आणि त्याची बायको पुढे गेले, आम्ही तिथेच गोल. आजी हसून हसून आडव्या. मी पाण्यात उडी मारायच्या विचारात. काकू पदर, म्हणजे स्टोल, सावरून निवांत डोंगर बघत बसलेल्या. आता हा डोंगर, मग तो डोंगर, मग परत हा.

किनाऱ्याला लागल्यावर काका लानला म्हणाले, "नदीला करंट फार आहे."

लान गोड हसली. "अंकल, या नदीला करंट नाही."

*

मग सायकली. काकांनी जाहीर केलं, "नलिनी व्हॅनमधून येईल."

लान म्हणाली, "आंटी, तुम्हाला काय हवंय?"

काकूंनी मागे वळून पाहिलं. प्रश्न मागच्या कुणाला असेल म्हणून! मागे फक्त एक म्हैस होती.

"मला?" काकू म्हणाल्या. "मला ती निळी."

लानने निळ्या सायकलची सीट खाली करून दिली. कॉलेज सुटल्यापासून काकू सायकलवर बसल्या नव्हत्या. पहिले दहा फूट डगमगल्या, मग सरळ झाल्या आणि मग जी सुटली ती बाई! भाताच्या खाचरांमधून अरुंद रस्ता, त्यावर काकू, मागे काका ओरडतायत, "ब्रेक! नलिनी, ब्रेक! डावीकडे बघ! म्हैस! म्हैस आहे!"

काकूंनी म्हशीला व्यवस्थित वळसा घातला. म्हशीनेही सहकार्य केलं. काकांचं मात्र सगळं लक्ष काकूंच्या ब्रेककडे होतं, त्यामुळे त्यांचा रस्ता संपल्याचं त्यांना कळलं नाही. ते सायकलसकट खाचरात! गुडघाभर चिखल.

मी आणि पीटरने त्यांना ओढून काढलं.

"काका, गुडघा ठीक आहे ना?"

"गुडघा एकदम फर्स्ट क्लास."

"मग त्या सर्जनला वाढवा आता एक!"

आणि काकू? काकू थांबल्या नाहीत. मागे वळून एकदा पाहिलं, काका दोन पायांवर उभे आहेत याची खात्री केली आणि घंटी वाजवत पुढे गेल्या.

*

लानचं घर जवळच होतं. तिच्या आईने अंगणातल्या पंपाखाली काकांना धुतलं. त्यांच्या मापाचा घरात एकच जोड होता, लानच्या आईचा पायजमा सूट. जांभळा, त्यावर मोठमोठी गुलाबी फुलं. तिथल्या सगळ्या बायका घालतात तसा.

काका तो घालून बाहेर आले. लानची छोटी मुलगी दारात उभी होती. तिने आईचं बोट सोडलं, काकांजवळ आली, त्यांच्या मांडीवरच्या एका फुलावर बोट ठेवलं आणि खदखदून हसली. लान तिला उचलून घेऊन इतकी हसली की तिच्या डोळ्यांत पाणी आलं.

काकू बाजेवर बसून त्या दोघींकडे बघत होत्या.

काका म्हणाले, "पंपाला प्रेशर कमी आहे."

फोटो मी ग्रुपवर टाकला. अख्खं नेपरव्हिल त्या दिवशी लवकर उठलं.

*

परतीच्या व्हॅनमध्ये लान पुढे ड्रायव्हरजवळ बसली होती. फुलांच्या पायजम्यात काका माझ्याकडे वळले. "चांगली टूर झाली. चार."

मी पेटले. "काका, तिची नोकरी जाईल! तिला मुलीपासून लांब टाकतील!" सकाळचं सगळं सांगितलं.

"मृणाल, हा इमोशनल मुद्दा झाला. चार म्हणजे वाईट नाही. तुमच्या पिढीला सगळ्यांना ट्रॉफी वाटायची सवय. शेताच्या कडेला रेलिंग नव्हतं, हे फॅक्ट आहे."

"मग ते लानने बांधायचं होतं का?"

"गाइडने सुचवायचं."

"काका, पँट तिच्या आईची घातलीयत तुम्ही!"

"त्याबद्दल आभार मानलेत मी. आभार वेगळे, स्टार वेगळे."

आई म्हणाली, "मृणाल, मोठ्यांशी असं बोलू नये." मी म्हटलं, "जिला अख्खा मंगळवार सापडत नाही तिने मला शिकवू नये!" पीटरला भाषा कळत नव्हती, पण तो माझ्या बाजूने मान हलवत होता. काका शेवटी म्हणाले, "रिव्ह्यू व्हॅनमध्ये लिहायचा नसतो. घरी जाऊन, चहा घेऊन, शांतपणे लिहायचा."

उतरताना लानने सगळ्यांचे हात हातात घेतले. स्टारांबद्दल एक शब्द बोलली नाही. मला तेच जास्त लागलं.

*

परत आल्यावरच्या शनिवारी काकांच्या फॅमिली रूममध्ये पॉटलक होतं, म्हणजे प्रत्येकाने एकेक पदार्थ आणायचं जेवण. महिना संपायला एक दिवस राहिला होता. बाहेर बर्फ, आत पंधरा-वीस जण, टीव्हीवर व्हिएतनामचे फोटो. पायजम्याचा फोटो तीनदा मागून घेतला गेला. काका खिलाडूपणे हसले, हे त्यांच्या नावावर जमा.

मग ते म्हणाले, "आता सगळ्यांनी बघा, रिव्ह्यू कसा लिहितात. नलिनी, त्यांची लिंक आलीय ना? मृणाल, तिचा फोन टीव्हीला जोड."

मी दात-ओठ खात जोडला. टीव्हीवर लानचा हसरा फोटो आला, खाली पाच रिकामे स्टार. काकू सोफ्यावर, हातात फोन. काका उभे, हातात चहा.

"चार," काका म्हणाले.

काकूंनी दाबलं. टीव्हीवर पाच स्टार पिवळे झाले.

"नलिनी, पाच दाबले गेले."

"हो."

"मी चार म्हटलं."

"ऐकलं ना मी."

खोलीत कुणीतरी चमचा खाली ठेवला.

"अगं, पण पाच म्हणजे…"

"अहो, चहा निवतोय तुमचा." काकूंनी चष्मा वर सरकवला. "मृणाल, हे खाली काय विचारतंय गं? बारीक आहे."

मी मोठ्याने वाचलं. "तुम्ही ही टूर कुणाबरोबर केलीत? एकटे, जोडीदार, कुटुंब, मित्र."

काकूंनी काकांकडे पाहिलं. वरपासून खालपर्यंत, सावकाश. मग एक बोट पुढे केलं आणि 'एकटे' दाबलं. आणि त्याच बोटाने 'सबमिट'.

काका टीव्हीकडे बघत राहिले. मग स्वयंपाकघराच्या दारातून, खुर्च्यांवरून, कोपऱ्यातून, चार काकू एकदम म्हणाल्या, "नलिनी, त्या टूरची लिंक टाक गं ग्रुपवर!"