शेवंतामावशींचं उपरणं

शेवंतामावशी आधी कापड बघायच्या, मग माणूस. स्वतःच्या मागावरून उतरलेलं कापड दारात उन्हासमोर धरायचं आणि पलीकडून जो जाईल त्याला त्यातूनच न्याहाळायचं. सत्तरच्या दशकात शुक्रवार पेठेत मी त्यांचा शेजारी होतो, मराठीचा नवाकोरा मास्तर. त्यामुळे पलीकडून बहुतेक वेळा मीच जायचो.

"मास्तर, झिरझिरीत म्हंजे काय वो?" एकदा कापडाआडूनच त्यांनी विचारलं.

मी अर्थातच शब्दकोश आणला. "अतिशय पातळ," वर्गात वाचतो तसं वाचलं.

"पातळ तर माजं जुनं लुगडंबी हाय. त्ये विरलंय. आमच्या मंगळवेढ्याकडं उनाळ्यात वड्याच्या वाळूत झिरा खांदत्यात. पाणी कुटं दिसत न्हाय, पर हळूहळू झिरपून येतं, निवळशंख. तसा सुतातनं उजेड झिरपला की त्ये झिरझिरीत. लिवा की तुमच्या पुस्तकात."

माझ्या लग्नात त्यांनी वर्तमानपत्रात गुंडाळलेलं उपरणं हातात दिलं. "बारीक सुताचं ह्ये शेवटचं. डोळं गेलं माजं. उजेडात धरून बघा, मास्तर."

"बघतो," म्हणालो आणि पुडकं फळीवर टाकलं.

पाडव्याच्या आदल्या दिवशी बायकोनं विचारलं, "हे फळीवरच्या पुडक्यातलं कापड विरलेलं दिसतंय. चक्का बांधायला घेऊ?" मी तेव्हा शाळेच्या अंकासाठी 'झिरझिरीत' या शब्दावर लेख लिहीत होतो. मान वर न करता म्हणालो, "घे."

पाडव्याला मावशी जेवायला आल्या. जेवण झाल्यावर हात धुऊन त्यांनी पुसायला खुंटीवरचं फडकं चाचपलं. बोटं तिथंच थांबली. काठ चिमटीत धरून त्यांनी टोकापर्यंत सरकवला. मग सवयीनं फडकं खिडकीसमोर धरलं. मी पानातल्या उरल्यासुरल्या श्रीखंडात तोंड खुपसलं.

"गुठळी म्हणून न्हाय गं श्रीखंडात," त्या माझ्या बायकोला म्हणाल्या. "फडकं चांगलं घावलं तुला, पोरी." घडी घालून त्यांनी ते खुंटीवर ठेवलं आणि हात पदराला पुसले.

लेख छापून आला. झिऱ्याची गोष्ट त्यात होती, 'एका ग्रामीण स्त्रीच्या मते' अशी. खाली नाव माझं, पदवीसकट.

पुढं मावशींना पारच दिसेनासं झालं. तरी दारात बसायच्या. माझी पावलं वाजली की विचारायच्या, "कोन, मास्तर का?"

"व्हय, मावशी, मीच," एवढं म्हणायला मला रोज दाराशी थांबावं लागायचं.