मामाचा चहा

अख्ख्या बीड जिल्ह्यात झाडांचं सुतक पाळणारा एकच माणूस झाला, आणि तो माझा थोरला मामा. नेकनूरच्या वरच्या अंगाला, डोंगराच्या माथ्यावर गावाच्या सहकारी संस्थेनं वनउद्यान केलं होतं. शहरातल्या लोकांनी रविवारी येऊन पायवाटांनी हिंडावं, असा बेत. प्रत्येक सभासदानं वाटेकडेला एक झाड लावायचं, राखण मामाची. वाटेचे दगड तो चुन्यानं असे रंगवायचा की मामी म्हणायची, "घराला चुना लागून दोन दिवाळ्या झाल्या, अन् ह्यांचे दगड बघा, नवरदेव हायेत." फिरायला आलेल्याच्या हातात तो फाटकातच भरली कळशी द्यायचा. एका साहेबांनी विचारलं, "हे कशाला?" मामा म्हणाला, "रिकामेच चाललात न्हवं का. तिसऱ्या वळणावरच्या लिंबाला घाला, मग बसा त्याच्या सावलीत." साहेबांनी कळशी नेली, पण पुन्हा काही ते डोंगराकडं फिरकले नाहीत.

मग लागोपाठ दुसरं वर्ष कोरडं गेलं. सभासद माजलगावकडं ऊसतोडीला गेले, फिरणारे यायचे थांबले, प्यायलाच टँकर तिथं झाडांना कुठलं पाणी. मामा परातीत बसून अंघोळ करायचा आणि ते पाणी डोक्यावरून वर न्यायचा. तरी झाडं वाळत गेली. मयताचा निरोप आणणारा आमच्याकडं ज्या घरी निरोप सांगतो तिथं चहापाणी घेत नाही. मामानं तो रिवाज झाडांना लावला. ज्याचं झाड वाळलं त्याच्या उंबऱ्याबाहेर उभा राहून सांगायचा, "तुमचा आपटा गेला." आधी लोक हसले. "मामा, दहावा कधी?" "पाऊस पडला की दुसरा लावा, तोच दहावा." पुढं हसणं आटलं. मामा गल्लीत दिसला की घरी राहिलेल्या म्हाताऱ्या आधी चहा टाकायच्या आणि तो कप उचलतो का, एवढंच बघत बसायच्या.

माझाही एक आवळा होता वर. आमच्या घरात पहिली मी बी.ए. झाले म्हणून मामानं लावलेला. पाटी झाडाहून मोठी, त्यावर नाव आणि पुढं ठळक बी.ए. त्या उन्हाळ्यात मामा बीडला माझ्या खोलीवर आला. मी काही न विचारता चहा ठेवला. मामानं चहा बशीत ओतला, फुरके मारत संपवला आणि म्हणाला, "अजून हाय का?"

"आवळा कसा आहे?"

"लई टेचात."

"मग कशाला आलास?"

"भाचीकडं यायला झाड मरावं लागतं का?"

पावसाच्या आधीच मामा गेला. दहावा झाल्यावर मी एकटीच डोंगर चढले. आवळ्याची फांदी हात लावताच कटकन मोडली. पाटीवरचं बी.ए. मात्र नुकतंच रंगवलेलं होतं.

खाली आले तर मामी चहा घेऊन दारात. मी उंबऱ्याबाहेरच उभी राहिले.

"होळीलाच वाळलता," मामी म्हणाली. "तुला सांगायलाच बीडला आलते ते."

मी हात पुढं केला नाही. मामीनं कप परत आत नेला.