अक्काचा नंबर

कोणी नुसतं "कंबर दुखतेय" म्हटलं तरी मी घाबरून प्रश्नांवर प्रश्न विचारत सुटते.

आज अक्काला जाऊन वर्ष झालं. ही भीती काही जात नाही.

अक्का म्हणजे माझी मोठी आत्या. पारोळ्याला दिलेली. ती सोनगीरला माहेरी आली की अख्ख्या गल्लीला कळायचं, असा आवाज.

आणि मी काय काम करते हे वाचणाऱ्या निम्म्या लोकांना अजून माहीत नाही, म्हणून सांगते. धुळ्यात घरी बसून मेडिकल कोडिंग करते. अमेरिकेतला डॉक्टर पेशंटबद्दल जे लिहितो ते वाचायचं आणि आजाराला ठरलेला कोड द्यायचा. त्यावर तिकडे विमा पास होतो. माझ्याकडे जास्त करून मणक्याचे आणि कमरेचे चार्ट येतात.

साधी कंबरदुखी, कारण कळलेलं नाही: एम ५४.५०. हा कोड मी झोपेतही टाकेन.

अक्का तिच्या अहिराणीत कौतुकाने सांगायची, "मनी भाची रोगले नंबर देस." माझी भाची रोगाला नंबर देते.

अजून एक. मी पायाळू आहे. जन्मताना पाय आधी आले. पायाळूने पाय लावला की कमरेतली उसण उतरते म्हणतात ना? लहानपणी गावातल्या बाया माझ्यासमोर पाठ करून उभ्या राहायच्या आणि मी हळूच लाथ द्यायचे. जाम मजा यायची. मोठ्या माणसांना लाथ मारायची आणि वर गूळ-शेंगदाणे!

मागच्या वर्षी आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, अक्का माहेरी आली. झोका बांधलेला, बायांची गाणी चाललेली, आणि अक्का झोक्याकडे फिरकलीसुद्धा नाही. ओट्यावर कडेला बसून राहिली.

मला बघून म्हणाली, "ये व बेटा. कंबरमा चमक भरेल शे. पाय लाई दे."

मी हसत उठले. सहज विचारलं, "आडवं पडलं की बरं वाटतं ना अक्का?"

"नही व. आडवी पडनी का जास्तच दुखस."

मी जागच्या जागी थांबले.

ब्लाउज तिच्या अंगावर लोंबत होतं. काही वर्षांपूर्वी तिच्या छातीतली गाठ काढली होती. आमच्या घरात त्या आजाराचं नाव कोणी घेत नाही, सगळे "ते ऑपरेशन" म्हणतात.

चार्टमध्ये हे सगळं एकत्र दिसलं की पुढे बहुतेक वेळा काय लिहिलेलं असतं, ते मला पाठ होतं.

"पाय नाही लावणार अक्का. धुळ्याला चल, एमआरआय करून टाकू."

ती चिडलीच. "नोकरी लागनी तं तुना पाय महाग व्हई गया का व?"

सगळ्या बाया हसल्या. मीही हसले, पण पाय लावला नाही.

मग मी जी भुणभुण लावली! शेवटी वैतागून तिचा मुलगा, आमचा प्रदीपदादा, तिला धुळ्याला घेऊन आला.

डॉक्टरांनी फिल्म बघितली आणि पहिलं हेच विचारलं, "यांची पाठ कोणी चोळली का? पाय-बिय दिला का पाठीवर?"

मी म्हटलं, नाही.

"नशीब. मणका पार भुसभुशीत झालाय."

देवा रे! मी तर उठले होते पाय लावायला.

तो आजार हाडात उतरला होता. सी ७९.५१. माझ्या डोक्यात कोड आधी आला आणि अक्का नंतर. स्वतःचीच किळस आली.

दादा डोळे पुसत म्हणाला, "आईला काही बोलू नको हं."

अक्का बाहेर बाकड्यावर बसली होती. तिने माझं मनगट घट्ट धरलं. या बाईला मी उभ्या आयुष्यात घाबरलेलं बघितलं नव्हतं.

"खरं सांग पोरी. मना काय नंबर शे?"

"एम चौपन्न पॉइंट पन्नास."

"म्हणजे?"

"साधी कंबरदुखी गं."

कारण सापडलं की नुसत्या दुखण्याचा कोड लावायचा नाही, हे आमच्याकडून ट्रेनिंगच्या पहिल्या आठवड्यातच घोकून घेतात. ऑडिटला हे गेलं असतं तर माझी खैर नव्हती.

पण अक्काने काय श्वास सोडला! पारोळ्याला जाऊन शेजारपाजारी सांगत सुटली, "मना नंबर साधा शे. असा बठ्ठासले ऱ्हास." सगळ्यांनाच असतो म्हणे!

मग रेडिएशनचे शेक झाले, गोळ्या झाल्या. पावसाळा सरेपर्यंत तिचे पाय गेले. फोनवर दादाचं नाव दिसलं की उचलायच्या आधी देवाचं नाव घ्यायचे.

शेवटचं भेटले तेव्हा ती छताकडे बघत पडली होती. मी पायाशी बसले, पाय चेपायला घेतले.

"व बेटा, त्या अमेरिकामा मना नंबरना कितला लोक शेतस?"

"खूप आहेत अक्का. रोज येतात माझ्याकडे."

"त्या बठ्ठा बरा व्हतस?"

"होतात ना."

तिने मान वळवून माझ्याकडे बघितलं.

"मंग मी काबरं नही व्हयनी?"

मी नुसती तिचे पाय चेपत राहिले. तिला ते चेपलेले कळतही नव्हते.

तिला खरं कळलं होतं का? देव जाणे. पुढच्याच आठवड्यात ती गेली.

एम ५४.५० अजून रोज टाकते. टाकायच्या आधी तोच चार्ट पुन्हा पहिल्यापासून वाचते. मॅनेजर ओरडतो, किती वेळ लावतेस म्हणून. ओरडू दे.

आज सकाळी आई सहज म्हणाली, "पाठीत जरा धरलंय गं." मी तिला इतके प्रश्न विचारले की ती रडायलाच लागली. उद्याची अपॉइंटमेंट घेतली आहे. तोवर माझा जीव थाऱ्यावर नाही.

अक्का, झोप आता निवांत. कूस बदलायला कोणाला हाक मारावी लागणार नाही.

तुझ्या भाचीचा तुला नमस्कार.