अमावास्येचं मौन

कुठे पोह्यांना फोडणी बसली, की दारव्ह्याजवळचं ते गाव आठवतं. अमावास्येला सूर्यास्तापर्यंत गावात कुणी बोलायचं नाही, असा ग्रामसभेचा ठराव होता. मी त्याचीच बातमी करायला गेलो होतो. नेमके त्या दिवशी मी थांबलो होतो त्या घरी नेरहून पाहुणे मुलगी पाहायला आले. ते अमावास्या मानत नव्हते, आणि गावाबाहेरचे म्हणून त्यांना ठरावही लागू नव्हता. मुलाच्या मामांनी विचारलं, "पोरगा पसंत हाय ना, बाई?" मुलगी ताटलीतल्या पोह्यांकडे पाहत राहिली. "गप्प हाय, म्हणजे हो म्हणून राह्यली," मामा हसले. सूर्यास्ताला देवळातली घंटा वाजली आणि अख्खं गाव एकदम बोलू लागलं. "आता तरी सांग वं माय," तिची आई म्हणाली. मुलगी तशीच गप्प. मामांनी साखर वाटली. तिने ती मुठीत धरून ठेवली. त्याला होकार म्हणावं की नकार, मला आजही कळत नाही.