शकीलाबाईंनी न घेतलेला हत्ती

शकीलाबाई बुद्धिबळाच्या डावाला बसण्याआधी समोरच्याची खुर्ची उलटी करून बघायच्या. मग एकेक मोहरा उचलून त्याचं बूड तपासायच्या. पाणी फक्त स्वतःच्या बाटलीतलं. कुणी बरोबरी देऊ केली की कपाळावर आठी पडलीच. "फोकटात देऊन राह्यला म्हणजे याच्या मनात काहीतरी हाय," असं त्या त्याच्या तोंडावर म्हणायच्या. घुग्घुसच्या शिंप्याची ही लेक कित्येक वर्षं जिल्ह्याची विजेती होती, आणि तिच्याशी खेळून कुणी खुशीत उठल्याचं मला आठवत नाही.

मी धानोऱ्याची शिक्षिका. पहिल्याच भेटीत त्यांनी माझी पर्स टेबलापासून लांब ठेवायला लावली, तेव्हा मला त्यांचा असा राग आला होता! पुढे विभागाच्या संघातून एकत्र फिरताना कारण कळलं. पंधराव्या वर्षी त्या पहिल्यांदा जिंकल्या, तेव्हा आयोजकांना ते पटेना. पोरीला कुणीतरी खुणा करतंय, म्हणून त्यांनी तिला भर हॉलमध्ये ओढणी झटकायला लावली आणि शेवटचा डाव पुन्हा खेळवला. ती पुन्हा जिंकली. पण तेव्हापासून समोरच्याला आधी तपासायचं, हा बाईंचा नेमच झाला.

गडचिरोलीच्या स्पर्धेत शेवटच्या फेरीला त्या माझ्यासमोर आल्या. आजार वाढलाय, ही त्यांची शेवटचीच स्पर्धा, असं त्यांच्या बहिणीने मला सांगून ठेवलं होतं. जिंकल्या तरच अजिंक्यपद, आणि डाव तर बरोबरीकडे चाललेला. मी माझा हत्ती गुपचूप त्यांच्या उंटाच्या तोंडी दिला. आपण फार मोठं मन दाखवतोय असं तेव्हा वाटलं, याची आता लाज वाटते.

बाईंनी पट बघितला. मग बराच वेळ माझं तोंड बघितलं. उंट मागे नेला आणि बरोबरी मागितली. अजिंक्यपद भलत्याच मुलीला मिळालं.

बसस्टँडवर त्यांनी मला गाठलं. "काऊन वं, हत्ती चुकला का सोडला तुनं?"

"चुकला," मी म्हटलं. त्या चंद्रपूरच्या बसमध्ये चढल्या. त्यानंतर माझा एकही फोन त्यांनी उचलला नाही.

काही महिन्यांनी बहिणीचा निरोप आला म्हणून घुग्घुसला गेले. बाई खाटेवर उशीला टेकून बसल्या होत्या, पुढ्यात पट मांडलेला. मी बसायच्या आधीच कबुली देऊन टाकली.

"मले मालूम होतं," त्या म्हणाल्या. "लोकायनं मले चोर समजलं, ते मी सहन केलं. तुनं त मले बिचारी समजलं. बस आता, आन् खरं खेळ."

मी जीव तोडून खेळले. डाव रंगात आला असताना त्यांचा वजीर अचानक उघडा पडला. मी तो घेतला आणि जिंकले. बाई चक्क हसल्या आणि मोहरे डब्यात भरू लागल्या. मला राहवेना. वजीर चुकला का, म्हणून मी विचारलं.

"चुकला," त्या म्हणाल्या.

दहा दिवसांनी बाई गेल्या. तो डाव मी अजून मांडून बघते, आणि माझा काही त्यांच्यावर विश्वास बसत नाही.